जार्विसच्या हातून काही पडत नाही

आमच्या पिल्चर गावात शुक्रवारी संध्याकाळी जो फुटबॉलच्या मैदानावर दिसत नाही, तो एक तर अंथरुणाला खिळलेला असतो, नाहीतर त्याचं कोणाशी तरी जोरदार वाजलेलं असतं. टेक्ससच्या या टोकाला कापसाची शेतं, दोन चर्च, एक पेट्रोल पंप आणि शाळेचा संघ एवढंच आहे. संघाचं नाव जॅकरॅबिट्स. आता रानसशाच्या नावाने कोण घाबरणार? पण यंदा घाबरत होते. कारण यंदा आमच्याकडे जार्विस होता.

जार्विस टॉलिव्हर माझा भाचा. माझा भाऊ समुद्रातल्या तेलविहिरींवर काम करतो, महिना महिना घरी नसतो. त्यामुळे पोर पाळण्यातून उठलं ते माझ्याच घरात वाढलं. आमचा फुटबॉल पायांपेक्षा हातांचा खेळ, आणि संघात तो रिसीव्हर. म्हणजे बाकीचे एकमेकांच्या अंगावर पडून चिखलात लोळत असतात तेव्हा हा लांब पुढे पळतो, आणि मागून फेकलेला चेंडू धावता धावता झेलतो. सांगायला सोपं वाटतं. पाठीमागून येणारा चेंडू, पुढे कुंपण, आणि दोन्ही बाजूंनी तुमची हाडं मोडायला निघालेली दोन पोरं, असं असताना झेलून दाखवा, मग बोलू.

खरं सांगायचं तर जार्विसच्या हातून काही पडतच नाही. लहानपणी ओट्यावरून घरंगळलेलं अंडं त्याने जमिनीपासून वीतभर अंतरावर झेललं होतं. चर्चमध्ये म्हाताऱ्या डीकनच्या हातून दानाचं ताट निसटलं, तेव्हा हा तिसऱ्या बाकावरून सूर मारून गेला आणि एक नाणंसुद्धा सांडू दिलं नाही. शेजारच्या बर्निसचं बाळ तर कठड्यावरून खाली येत होतं. ते बाळ आता चौथीत आहे आणि अजून जार्विसला बघून हात वर करतं. वस्तू पडायला लागली की याचा हात आधी जातो, डोकं मागून येतं.

आणि मी? मी ऑर्डेला टॉलिव्हर. पिल्चरमधली शेवंती माझ्याच दिवाणखान्यात तयार होते. होमकमिंगला, म्हणजे जुने विद्यार्थी गावी परत येतात त्या सामन्याला, आमची प्रत्येक मुलगी छातीवर रेशमी शेवंतीचं फूल लावते. फूल जेवणाच्या ताटाएवढं. त्याला गुडघ्यापर्यंत लोंबणाऱ्या रिबिनी, घुंगरू, छोटं अस्वल, आणि ज्या पोराने ते दिलं त्याच्या पाठीवरचा नंबर. बाहेरगावच्या लोकांना हसू येतं. येऊ दे. ज्या मुलीच्या अंगावर शेवंती नाही तिला विचारा काय वाटतं ते.

रिबिनींच्या वेण्या घालणं हे सगळ्यात किचकट काम, आणि ते जार्विसचं. आठ वर्षांचा होता तेव्हापासून करतोय. संघातल्या पोरांना हे माहीत आहे, पण चेष्टा करायची कोणाची टाप नाही. प्रत्येकालाच कोणाला ना कोणाला तरी शेवंती द्यायची असते, आणि वेणी कशी घालायची हे ठरवणारा जार्विस असतो.

यंदा पहिल्या पाच सामन्यांत त्याने चेंडू घेऊन शेवटची रेषा ओलांडत एवढे टचडाउन केले की शाळेच्या फलकावरची जुनी नावं एकेक करून खाली सरकली. मग एका मोठ्या कॉलेजातून फोन आला. मिस्टर व्हेनेबल म्हणून एक गृहस्थ, खेळाडू निवडायला गावोगाव फिरणारे. म्हणाले, होमकमिंगला येतो, पोराला प्रत्यक्ष बघतो. पसंत पडला तर शिक्षण, राहणं, जेवण सगळं कॉलेजचं. जार्विसने फोन ठेवला आणि मला उचलून स्वयंपाकघरभर फिरवलं. माझं वजन लक्षात घेता हेही काही साधं काम नव्हे.

त्याला पूल बांधायला शिकायचं होतं. बापाने समुद्रात विहिरी बांधल्या, मी नदीवर पूल बांधणार, असं सहावीत असल्यापासून म्हणायचा. दुसरा कोणताही रस्ता आमच्या खिशाला झेपणारा नव्हता. हा एकच होता, आणि तो त्या दोन तळहातांवरून जात होता.

आणि त्याच आठवड्यात ते घडलं.

मी दिवाणखान्यात ग्लूगनने, म्हणजे गोंद वितळवणाऱ्या विजेच्या पिस्तुलाने, फुलांच्या मागे पुठ्ठे चिकटवत होते. जार्विस जमिनीवर बसून वेणी घालत होता. मी कात्री घ्यायला वळले, माझ्या एप्रनमध्ये म्हणा, कशात म्हणा, वायर अडकली आणि तापलेली ग्लूगन टेबलाच्या कडेवरून निघाली. वाटेत तिला जमीन भेटायला हवी होती. भेटला जार्विसचा उजवा हात.

चांगली गच्च पकडली त्याने. तोंडाकडून. आणि गंमत बघा, हात भाजत असतानाही या मुलाने ती खाली टाकली नाही. हळूच टेबलावर ठेवली, नीट, तिच्या जागेवर. मग ओरडला. त्याचं ओरडणं ऐकून पलीकडच्या गल्लीतली कुत्री भुंकायला लागली.

तळहाताच्या फोडासारखं जपलेलं पोर माझं, आणि त्याच्याच तळहाताला फोड. डॉक्टरांनी पट्टी बांधली आणि म्हणाले, "चार सामने विसर. त्याआधी चेंडूला हात लावलास तर मीच तुला बाकाला बांधून ठेवीन."

दुसऱ्या दिवशी सकाळी चर्चच्या बाहेरच्या पाटीवर लिहिलेलं होतं, 'जार्विसच्या उजव्या हातासाठी प्रार्थना करा.' देवाच्या मुलासाठीसुद्धा एवढी मोठी अक्षरं कधी लावली नव्हती.

गावाने माझं काय केलं ते विचारू नका. दुकानात गेले की बायका गप्प व्हायच्या. न्हाव्याने माझ्या तोंडावर सांगितलं की आमच्या वेळी पोरं गाय अंगावर आल्याने जायबंदी व्हायची, रिबिनीने नाही. बर्निस तर कुंपणावरून म्हणाली, "अगं ऑर्डेला, गावात एवढ्या पोरी आहेत, आणि तुला वेण्या घालायला नेमका आपला रिसीव्हरच सापडला?"

"आपला होय? तुझं बाळ झेललं तेव्हा तो माझा होता, आता आपला झाला?"

"बरं बाई, राहू दे," ती जरा वरमली. मग थोड्या वेळाने, "पण आमच्या मोठीची शेवंती वेळेवर होईल ना?"

संध्याकाळी कोच हॅस्केल आला. आम्ही शाळेत एका वर्गात होतो, तेव्हा सगळे त्याला डब म्हणायचे, मी अजून म्हणते. टोपी हातात घेऊन दारात उभा, चेहरा प्रेतयात्रेला आल्यासारखा.

"ऑर्डेला, तू माझा हंगाम जाळलास."

"डब, तुझ्या बायकोने दोन शेवंत्या सांगितल्यात. एक मुलीची, एक स्वतःची. त्याही जाळू का?"

तो टोपी ठेवून टेबलाशी बसला. मी त्याला कॉबलर, म्हणजे वर पिठाचा थर देऊन भाजलेले गोड पीच, वाढला. खाताना त्याचे डोळे भरून आले, आणि ते काही पीचच्या गोडीने नव्हे.

वर मी सगळ्यांना उत्तरं देत होते, पण आत माझा जीव तुटत होता. पोरगा एक शब्द बोलला नाही मला. बोलला असता तर बरं झालं असतं.

तो नसलेला पहिला सामना आम्ही असा हरलो की आमचं बँडपथकही अर्ध्यातून सूर चुकायला लागलं. जार्विसच्या जागी वेंडेल प्रूइट उभा होता. उंच, लांबट, मनाने सोनं. पण हात? लाकडाचे. चेंडू आला की माशी मारावी तसा दोन्ही हातांनी फटका मारायचा. चेंडू बिचारा घाबरून उडून जायचा. चार वेळा आला, चारही वेळा गेला.

रविवारी मिस्टर व्हेनेबलांचा फोन आला. फोन मीच उचलला.

"मिस टॉलिव्हर, होमकमिंगला यायचं मी रद्द केलंय. तो खेळणार नसेल तर येऊन काय बघू? आणि खरं सांगू का, चार सामने म्हणजे जवळजवळ निम्मा हंगाम. माझ्या यादीत अजून एक मुलगा आहे."

"हात बरा होईल हो त्याचा."

"हाताचं नाही म्हणत मी. मी ऐकलं ते खरं आहे का, की त्याने तापलेली वस्तू स्वतःहून पकडली? मीही रिसीव्हर होतो माझ्या काळात. हातांवर आमचं पोट. जरा विचार करणारा मुलगा असं करेल का? मला डोकं असलेला मुलगा हवाय." मग थोडं थांबून म्हणाले, "शेवटच्या सामन्याला जमलं तर येईन."

मी वळले तर जार्विस दारात उभा. त्याने सगळं ऐकलं होतं.

"बरोबरच बोलतायत ते, आत्या," एवढंच म्हणाला आणि आत जाऊन भिंतीकडे तोंड करून झोपला. भर दुपारी. दोन दिवस असंच. जेवायला हाक मारली की, "भूक नाही." ज्या मुलाने आयुष्यात कधी माझं ताट परत पाठवलं नाही, तो म्हणतोय भूक नाही!

तिसऱ्या दिवशी माझं डोकं फिरलं. दिवाणखान्यात अर्धवट शेवंत्यांचा ढीग, रिबिनी छतापर्यंत, होमकमिंग तीन दिवसांवर, आणि वेण्या घालणारा भिंत बघत पडलाय. मी तडक मैदानावर गेले. सराव चालू होता. सरळ मधोमध जाऊन उभी राहिले.

"ज्याने ज्याने माझ्या घरी खिम्याची तिखट चिली खाल्लीय, त्याने माझ्यामागे चला!"

सगळा संघ निघाला. डब शिट्टी वाजवत राहिला, पण कोण ऐकतंय?

तुम्ही बघायला हवं होतं. म्हशीएवढी पोरं माझ्या गालिच्यावर मांडी घालून बसलेली, प्रत्येकाच्या हातात तीन रिबिनी. मी आत जाऊन जार्विसला म्हणाले, "ऊठ. तुझा हात बांधलाय, तोंड नाही. यांना शिकव."

तो डोळे चोळत बाहेर आला, आणि वेंडेलची वेणी बघून त्याचा चेहराच बदलला.

"अरे वेंडेल, हे काय केलंयस? हा दोरखंड आहे! याने ट्रक ओढ."

"मिस ऑर्डेलांनी सांगितलं घट्ट घाला."

"घट्ट म्हणजे गळा दाबायचा नसतो रे. सोड आधी. बोटं सैल सोड. रिबीन तुझ्याकडे येतेय ना? मग येऊ दे की तिला. तू कशाला तिच्यावर झडप घालतोस? आली की फक्त जागा करून दे."

वेंडेलने पुन्हा केलं. पुन्हा दोरखंड. पोरं हसून लोळायला लागली. जार्विसही हसला. चार दिवसांत पहिल्यांदा हसला, आणि माझा जीव भांड्यात पडला. संध्याकाळ होईपर्यंत वेंडेलच्या मांडीवर एक वेणी होती जिला वेणी म्हणता येत होतं. दुसऱ्या दिवशी पोरं न बोलावता आली. तिसऱ्या दिवशी डबही आला आणि कोपऱ्यात बसून घुंगरू ओवायला लागला.

होमकमिंगला सगळं मैदान घुंगरांनी छुमछुमत होतं. बर्निसच्या मुलीला शेवंतीमुळे चालता येत नव्हतं, याहून मोठं सुख काय? जार्विस पट्टी बांधलेला हात वर धरून मैदानाच्या कडेने वेंडेलबरोबर पळत होता आणि ओरडत होता, "येऊ दे! येऊ दे तिला!" समोरच्या संघाला वाटलं ही काहीतरी गुप्त खूण आहे. वेंडेलने पहिला चेंडू सोडला. दुसरा छातीवर आदळून गेला. तिसरा आला, आणि वेंडेलने दोन्ही हात असे पुढे केले की जणू कोणी त्याच्या हातात रेशीम ठेवतंय. चेंडू बसला! पोराला स्वतःलाच एवढं आश्चर्य वाटलं की तो तिथेच उभा राहिला. सगळं गाव किंचाळलं, "पळ रे!" मग पळाला. आम्ही जिंकलो.

त्यानंतरचा सामनाही जिंकलो, त्यापुढचा थोडक्यात हरलो. आणि शेवटच्या सामन्याला जार्विस परत आला. तळहात नवा, गुलाबी, बाळाच्या पायासारखा. मी वर बघितलं तर सगळ्यात वरच्या पायरीवर राखाडी टोपीतला एक अनोळखी माणूस एकटाच बसलेला. मिस्टर व्हेनेबल.

जार्विसकडे पहिला चेंडू आला आणि त्याने तो पाडला.

पिल्चरमध्ये असं कधी झालं नव्हतं. मी मान वळवून वर बघायचं धाडस केलं नाही. जार्विसने आपल्या हाताकडे बघितलं. मग वेंडेल त्याच्याजवळ गेला, त्याच्या कानाशी काहीतरी बोलला, आणि जार्विस मोठ्याने हसला. नंतर मी विचारलं तेव्हा कळलं, वेंडेल म्हणाला होता, "दोरखंड करतोयस, भावा."

पुढचे सगळे चेंडू बसले. एक तर त्याने डाव्या हाताने, हवेत आडवा होऊन, एकट्या डाव्या हाताने घेतला. दोघं दोघं त्याच्यावर धावून जात होते आणि तेवढ्यात पलीकडे वेंडेल मोकळा उभा असायचा. समोरच्यांना कोणाला धरावं ते कळेना. शेवटी डबने टोपी उडवली ती अजून सापडलेली नाही.

पण मिस्टर व्हेनेबल टाळ्या न वाजवता उठले. बाहेर जाताना एवढंच म्हणाले, "उद्या दुपारी घरी येतो. मुलाशी बोलायचंय."

शनिवारी मी दिवाणखाना आवरला नाही. आवरायला वेळच नव्हता. शेवंती संपली की लगेच दारांवर लावायच्या ख्रिसमसच्या माळा सुरू होतात. टेबलावर पानं, लाल रिबिनी, ग्लूगन, सगळं पसरलेलं. मिस्टर व्हेनेबल सोफ्यावर बसले. मी कॉबलर आणि गार गोड चहा दिला. जार्विस समोर खुर्चीच्या टोकावर, शर्टाची सगळी बटणं लावून. वेंडेल आणि आणखी दोघं खिडकीखालच्या झुडपात लपलेले. लपलेले कसले, सगळ्यांच्या टोप्या दिसत होत्या.

"काल छान खेळलास," मिस्टर व्हेनेबल म्हणाले. "पण खरं सांगतो, मी अजून ठरवलेलं नाही. दुसरा मुलगा दहाच्या दहा सामने खेळलाय. तू सहा. मला सांग, ती तापलेली वस्तू तू का पकडलीस?"

"माहीत नाही, सर. पडत होती."

"पडत होती तर पडू द्यायची."

"हो सर."

"पकडण्याआधी तू विचार काय केलास?"

जार्विसने खोटं बोलायला हवं होतं. पण त्याला ते येत नाही, मीच शिकवलं नाही.

"काहीच नाही, सर."

"तेच तर." त्यांनी चहा खाली ठेवला. "मला हीच काळजी वाटते. समजूतदार माणूस तापलेल्या वस्तूला हात घालत नाही. वेळीच विचार करता येणं ही—"

मी माळेला पान चिकटवायला वळले. ग्लूगन टेबलाच्या कडेवरून निघाली.

जार्विस दूर होता. मिस्टर व्हेनेबल जवळ होते. साठीचा माणूस, गुडघे कुरकुरणारे, मांडीवर कॉबलरची बशी. माझ्या डोळ्यांची पापणी लवायच्या आत ते सोफ्यावरून निम्मे बाहेर, उजवा हात लांब, आणि ग्लूगन त्यांच्या मुठीत. बशी डाव्या हातात तशीच, पीचचा एक तुकडासुद्धा न सांडता.

खिडकीतून वेंडेलचं कुजबुजणं ऐकू आलं, "येऊ दिलं रे त्यांनी!"

मिस्टर व्हेनेबलांनी हातातल्या ग्लूगनकडे बघितलं. मग माझ्याकडे. मग जार्विसकडे. त्यांनी ती हळूच टेबलावर ठेवली, नीट, तिच्या जागेवर. जार्विस धावत जाऊन बर्फाचं भांडं घेऊन आला.

"जरा चटका बसला," ते बोटं बर्फात घालत म्हणाले. त्यांचे खांदे हलायला लागले. आधी मला वाटलं रडतायत. मग ते एवढे हसले, एवढे हसले, की टोपी बर्फात पडायला निघाली, आणि अर्थातच जार्विसने ती पडण्याआधी झेलली.

"सर, तुम्ही काय विचार केलात?" जार्विसने अगदी मनापासून विचारलं.

"गप रे," मिस्टर व्हेनेबल डोळे पुसत म्हणाले. "पूल बांधायला शिकायचंय ना तुला? ऑगस्टमध्ये सामान बांधून तयार राहा. आणि तुझ्या आत्याला माझ्यापासून लांब ठेव."

खिडकीखालची तिन्ही झुडपं उड्या मारायला लागली. जार्विसने मला उचललं आणि पुन्हा सगळ्या घरभर फिरवलं, या वेळी दोन्ही हातांनी. मी रडले. हो, रडले, आणि सांगायला मला लाज वाटत नाही.

आता गावात म्हणतात की त्या दिवशी मी कोपर मारलं. बर्निस तर शपथेवर सांगते, जशी काही ती सोफ्याखाली बसली होती. म्हणू दे. मी एवढंच सांगते, प्लग मी नुकताच, त्यांना कॉबलर वाढताना लावला होता. ग्लूगन तापायला किती वेळ लागतो, ते पिल्चरमध्ये माझ्यापेक्षा जास्त कोणाला ठाऊक असणार?